जात्याची घरघर पुसू नका

राणीसावरगावातल्या एका घरी पत्र्याच्या पेटीतून एक कॅसेट निघाली. साठ मिनिटांची, कडेला पिवळी पडलेली, वर निळ्या शाईत एकच शब्द: ‘माय’. घरातले थोरले भाऊ म्हणाले, “ह्याच्यात मायचा आवाज हाय. पहाटं दळताना भरलेला.” पुतण्याला गावावर एक छोटा माहितीपट करायचा होता. त्याने ती कॅसेट शहरातल्या एका स्टुडिओत दिली आणि चार दिवसांनी पेनड्राइव्हवर आवाज ‘क्लीन’ होऊन आला. सगळं घर ऐकायला बसलं, मीही होतो. खरखर नाही, घूं नाही, शब्द न् शब्द कळत होता. दोन ओव्या झाल्या आणि कोपऱ्यात बसलेल्या आत्याबाईंनी विचारलं, “अन् जातं कुठं गेलं?”

स्टुडिओतल्या मुलाने मुद्दाम काही बिघडवलं नव्हतं. आवाजात एकसारखी चालणारी घरघर त्याला दिसली. संगणकालाही ती गोंगाटच वाटली, आणि दोघांनी मिळून ती काढून टाकली. जातं ज्याने ओढलेलं नाही त्याला ती घरघर ओवीचा ताल आहे हे कुठून कळावं? जुना आवाज जपणं आणि दुरुस्त करणं हे काम यंत्राचं आहे, असं आपण धरून चालतो. त्यातला निम्माअधिक भाग मात्र कानाचा आणि गावाची ओळख असण्याचा आहे.

ज्या घरात जातं फिरलं आहे तिथल्या माणसाला हे सांगावं लागत नाही. वैरण टाकली की जात्याचा आवाज भरीव होतो, दाणे संपत आले की तो मोकळा आणि कोरडा होतो. नुकतीच टाकी लावलेलं जातं वेगळं बोलतं, गुळगुळीत झालेलं वेगळं. हात खुंट्याला ओढ देतो तेव्हा ओवीतला शब्द लांबतो, हात परत येतो तेव्हा श्वास घेतला जातो. समोरासमोर दोघी बसल्या असतील तर एकीची ओवी संपता संपता दुसरी उचलते. जातं काढून घेतलं की गाणारीचं थांबणं अकारण वाटू लागतं, जणू ती मधेच विसरली आहे.

राणीसावरगाव ज्या गंगाखेड तालुक्यात आहे, ते गंगाखेड संत जनाबाईंचं गाव. दळता दळता गाणाऱ्या बाईचं मराठी मनातलं सगळ्यात जुनं चित्र गोदाकाठच्या याच मुलखातलं आहे. तेव्हाचा आवाज अर्थातच कुणाकडे नाही. एडिसनचा फोनोग्राफ आला १८७७ साली, म्हणजे जनाबाईंनंतर पाच शतकांहून अधिक काळाने. पण त्या परंपरेतल्या शेवटच्या पिढ्यांचा आवाज भरून ठेवलेला आहे, हे आपलं मोठं नशीब.

ते काम हेमा राईरकर आणि गी पॉइटविन यांचं. पुण्याच्या या दोघांनी ऐंशीच्या दशकात मावळ-मुळशीच्या डोंगरी गावांतल्या बायकांसोबत काम करताना ओव्या उतरवून घ्यायला सुरुवात केली. पुढे महाराष्ट्रभरातल्या हजाराहून अधिक गावांतून १ लाखाहून जास्त ओव्या कागदावर आल्या. नव्वदच्या दशकात बर्नार्ड बेल हे संगीताचे अभ्यासक या कामात आले आणि प्रत्यक्ष आवाज भरला जाऊ लागला. १२० तासांच्या आसपास ध्वनिमुद्रण झालं. त्यात आपल्या परभणी जिल्ह्यातल्या ताडकळसच्या गंगूबाई अंबोरे आहेत, शेजारच्या बीड जिल्ह्यातल्या माजलगावच्या बायकांनी बाबासाहेबांवर गायलेल्या ओव्या आहेत. पॉइटविन २००४ मध्ये गेले, राईरकर २०१० मध्ये. २०१७ पासून हा सगळा ठेवा ‘पारी’, म्हणजे पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया, लोकांसमोर आणत आहे. त्यांची माणसं जुन्या ध्वनिमुद्रणांचा धागा धरून कित्येक गावांत पुन्हा गेली, गाणाऱ्या बायकांना शोधलं, त्यांचं चित्रीकरण केलं. जुना आवाज आणि आजचा चेहरा पडद्यावर एकत्र येतो तेव्हा काय होतं, हे ज्याला पाहायचं असेल त्याने त्या चित्रफिती पाहाव्यात.

हे ध्वनिमुद्रण ज्या टेपवर झालं तिचं नाव डॅट, डिजिटल ऑडिओ टेप. सोनीने ती १९८७ मध्ये आणली. काडेपेटीहून थोडी मोठी कॅसेट, आत जेमतेम पावणेचार मिलिमीटर रुंदीची फीत, आणि आवाज आकड्यांच्या रूपात. खांद्यावर घेऊन खेड्यात नेता येईल असं ते त्या काळचं चांगलं साधन होतं. पण २००५ च्या अखेरीस सोनीने डॅटची यंत्रं बनवणं थांबवलं. फीत सुस्थितीत असली तरी ती वाजवणारं यंत्र मिळेना. शिवाय या फितीचा मरण्याचा प्रकारही वेगळा. लाखेची जुनी तबकडी झिजली तर खरखर वाढते, पण गाणं ऐकू येत राहतं. डॅटच्या फितीवरचे आकडे ठरावीक मर्यादेपलीकडे बिघडले की तिथे एकदम सुन्न शांतता येते, नाहीतर कानठळ्या बसवणारा कर्कश फटका. मधली पायरी नाही. म्हणून वेळेवर उतरवून घेणं हाच त्यावर उपाय असतो.

आपल्या घरांतल्या साध्या कॅसेटी या बाबतीत जास्त चिवट निघाल्या. ‘माय’ची कॅसेट आम्ही दुसऱ्यांदा उतरवली तेव्हा काय काय केलं, ते सांगतो. साफ केलेली फाइल बिघडली तरी मूळ कॅसेट घरात होती, म्हणूनच हे शक्य झालं. स्टुडिओतून आणल्यावर ती भंगारात गेली असती तर जातं कायमचं गेलं असतं.

आधी कॅसेटच्या वरच्या काठावरचे प्लास्टिकचे दोन छोटे टॅब पाहिले. एक शाबूत होता, तो मोडून टाकला. तो असेपर्यंत चुकून रेकॉर्डचं बटण दाबलं गेलं तर आवाज पुसला जाऊ शकतो. मग खालच्या फटीतून फितीमागची लोकरीची चिमुकली गादी पाहिली. ती फितीला हेडवर दाबून धरते. गोंद सुकून गादी गळून पडली असेल तर आवाज दबका येतो, आणि माणसाला वाटतं की टेप खराब झाली. आमची गादी जागेवर होती. पेन्सिल घालून फीत हलक्या हाताने फिरवून पाहिली, कुठे अडकत नव्हती, बुरशीचा वास नव्हता. टेपरेकॉर्डरचं हेड आणि रबरी चाक कापसाच्या बोळ्याने स्पिरिट लावून पुसलं. बोळा तपकिरी झाला, म्हणजे आधी वाजवलेल्या कॅसेटींचं चुंबकी पीठ तिथे बसलं होतं.

यानंतरची गोष्ट फार थोडे जण करतात. ज्या टेपरेकॉर्डरवर मूळ आवाज भरला, त्याचं हेड थोडं तिरकं असेल तर फितीवरची नोंदही तितकीच तिरकी असते. सरळ हेडवर ती वाजवली की वरच्या पट्टीतले सूर मरतात, ‘स’ आणि ‘श’ बोथट होतात. हेडशेजारचा बारीक स्क्रू पाव-पाव फेरा फिरवत, कान देऊन, तो तिरकेपणा जुळवावा लागतो. आम्ही तो स्क्रू फिरवला आणि एका जागी आल्यावर बांगड्या ऐकू आल्या. इतकी वर्षं त्या फितीतच होत्या. आत्याबाई नुसत्या मान हलवत राहिल्या.

मगच संगणकात उतरवलं. जुन्या आवाजाचे जाणकार यासाठी सेकंदाला ९६ हजार नमुने आणि प्रत्येक नमुन्याला २४ बिट असं माप सांगतात. तासाभराच्या स्टीरिओ कॅसेटला साधारण २ जीबी जागा लागते. आज एका लग्नाच्या व्हिडिओला याच्या कितीतरी पट जागा जाते, तेव्हा इथे कंजुषी करण्याचं कारण नाही. ही पहिली फाइल जशी आली तशी ठेवायची. तिच्यातली घूं, टकटक, शेजारच्या कोंबड्याचं आरवणं, काहीही काढायचं नाही. दुरुस्ती जी करायची ती तिच्या नकलेवर.

दुरुस्तीत नेमकं काय करतात? आवाजाचं चित्र काढता येतं, त्याला स्पेक्ट्रोग्राम म्हणतात. आडवा काळ, उभी पट्टी, आणि जिथे आवाज जोरात तिथे रंग गडद. या चित्रात विजेची घूं ही ५० हर्ट्झच्या जागी आणि तिच्या पटींत सरळ रेघांसारखी दिसते. टकटक म्हणजे उभी बारीक चीर, आणि टेपची सळसळ म्हणजे सगळीकडे पसरलेलं धुकं. चीर भरून काढता येते, रेघ खोडता येते. धुक्याचं काम अवघड. त्यासाठी कोणी गात-बोलत नसतानाच्या एक-दोन सेकंदांचा नमुना संगणकाला देतात आणि सांगतात, असं जे जे असेल ते वजा कर. इथेच घात होतो. मायच्या कॅसेटमध्ये कोणी गात नव्हतं त्या दोन सेकंदांत जातं फिरत होतं. नमुना जात्याचाच गेला, मग वजाही जातंच झालं. शिवाय अशी वजाबाकी जास्त झाली की उरलेला आवाज पाण्याखालून आल्यासारखा लागतो, सुरांच्या मागे बुडबुडे फुटत राहतात. टीव्हीवरच्या जुन्या मुलाखतींत हे बुडबुडे तुम्ही नक्की ऐकले असतील.

विजेच्या घूंला मी एकदम शत्रू म्हणणार नाही. ती घड्याळासारखी उपयोगी पडते. भरताना सेल उतरलेले असतील तर टेप हळू फिरते, आणि नीट वेगाने वाजवली की माणूस बारीक आवाजात, घाईत बोलल्यासारखा वाटतो. मूळ वेग कसा शोधायचा? पार्श्वभूमीला वीज असेल तर घूं मोजायची. ती ५० ऐवजी ५२ वर दिसली तर टेप तेवढ्या प्रमाणात हळू भरली गेली होती. फक्त सावधगिरी हवी, कारण नव्वदच्या दशकात आपल्याकडे विजेची वारंवारताच जागेवर राहत नसे. तेव्हा घूंचा पुरावा घ्यायचा, पण निकाल आत्याबाईंच्या कानाकडून. “माय येवढ्या बारीक गळ्याची नव्हती,” हे वाक्यही तितकाच भक्कम पुरावा आहे.

त्या कॅसेटमध्ये आणखी एक गंमत होती. ओवी थांबली की जातं मोठं व्हायचं, ओवी सुरू झाली की मागे सरायचं. ही करामत जात्याची नव्हती. स्वस्त टेपरेकॉर्डर आवाजाची पातळी आपोआप सांभाळतात. समोरचा गप्प झाला की ते कान टवकारतात, आणि मग मागचं सगळं पुढे येतं. हे दुरुस्त करावं का? माझं मत, माहितीपटासाठी थोडं सावरावं, जपणुकीच्या फाइलला हात लावू नये.

सिनेमाच्या आवाजाची कहाणी याहून मोठी आहे, आणि जास्त दुःखाची. जुन्या पस्तीस मिलिमीटर फिल्मवर चित्रांच्या कडेला जेमतेम अडीच मिलिमीटरची एक पट्टी असते. आवाज तिथे प्रकाशाच्या रूपात छापलेला असतो, कधी नागमोडी रेघ, कधी कमीजास्त काळ्या आडव्या पट्ट्या. प्रोजेक्टरमधला दिवा तिच्यातून जातो, पलीकडचा प्रकाशग्राही त्याची वीज करतो आणि विजेचा आवाज होतो. त्या पट्टीवर ओरखडा पडला की तो ऐकू येतो. धुळीचा कणही ऐकू येतो.

चित्र आणि त्याचा आवाज फिल्मवर शेजारी शेजारी नसतात. प्रोजेक्टरमध्ये चित्राची खिडकी वर आणि आवाज वाचणारा दिवा खाली, म्हणून आवाज सुमारे २० चौकटी पुढे छापलेला असतो. सेकंदाला २४ चौकटी धरल्या तर हा फरक पाऊण सेकंदाच्या थोडा वर होतो. जत्रेतल्या तंबूत फिल्म तुटली, चालकाने खराब झालेल्या चार चौकटी कापल्या आणि पुन्हा जोडली, की चित्र एका जागचं जातं आणि आवाज दुसऱ्याच जागचा. पडद्यावर नटाचे ओठ हलत राहतात आणि शब्दाची शेपटी मिळत नाही. म्हणून दुरुस्ती करणारे एकाच सिनेमाच्या निरनिराळ्या प्रती गोळा करतात. एकीत गेलेला शब्द दुसरीत सापडतो.

श्याम बेनेगल यांच्या ‘मंथन’चं असंच झालं. १९७६ चा हा चित्रपट, आपल्या स्मिता पाटील यांची त्यातली भूमिका लोकांच्या डोळ्यांसमोर अजून आहे. फिल्म हेरिटेज फाउंडेशनने तो पुन्हा उभा केला आणि २०२४ मध्ये कान महोत्सवात दाखवला. चित्र पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातल्या मूळ निगेटिव्हवरून घेतलं, आवाज मात्र थिएटरसाठी काढलेल्या एका प्रिंटवरून उतरवावा लागला. थिएटरात फिरण्यासाठी काढलेली प्रत शेवटी आवाज वाचवून गेली.

सगळ्यांचं नशीब असं नव्हतं. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये लागलेल्या ‘आलम आरा’ची आज एकही प्रत नाही. त्यातली गाणी रेकॉर्डवरही निघाली नव्हती, म्हणजे भारताचा पहिला बोलपट आज मुका आहे. पुढच्याच वर्षी आलेला ‘प्रभात’चा ‘अयोध्येचा राजा’, मराठीतला पहिला बोलपट, आपल्याला ऐकायला मिळतो. गोविंदराव टेंबे आणि दुर्गा खोटे त्यात गातात ते कॅमेऱ्यासमोरच. पार्श्वगायन अजून यायचं होतं, वादक चौकटीबाहेर बसून साथ करायचे. त्या आवाजात खोलीचा घुमारा आहे, माणसांच्या हालचालीची चाहूल आहे. तो फार ‘स्वच्छ’ केला तर १९३२ चं कोल्हापूर त्यातून पुसलं जाईल. जपून ठेवलेलंही सगळं टिकलं नाही. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात जुन्या नायट्रेट फिल्मच्या कोठाराला आग लागली आणि असंख्य रिळं जळून गेली. नायट्रेट फिल्म पेटली की पाण्याने विझत नाही. जळताना ती स्वतःच प्राणवायू पुरवते.

टीव्हीने तर आपला आवाज स्वतःच्या हाताने पुसला. टेप महाग होती, ती पुसून पुन्हा वापरायची रीत जगभर होती. बीबीसीने ‘डॉक्टर हू’ या मालिकेचे साठच्या दशकातले कितीतरी भाग असे गमावले. पण त्या हरवलेल्या प्रत्येक भागाचा आवाज आज उपलब्ध आहे. टीव्हीसमोर टेपरेकॉर्डर धरून बसलेल्या प्रेक्षकांनी, त्यातली बरीच शाळकरी मुलं, तो घरी भरून घेतला होता. पुढे त्याच आवाजावर चित्रं रेखाटून काही भाग पुन्हा तयार झाले. परभणी आकाशवाणीवरची भाषणं, कीर्तनं, शेतीचे कार्यक्रम आपल्या गावांतल्या कुणी ना कुणी असेच रेडिओला टेप लावून भरून घेतले असतील. सप्त्यातली भजनं, नवरात्रात देवीपुढचे गोंधळ, लग्नातली गाणी भरणारी माणसं तर प्रत्येक गावात होती.

वेळ मात्र फार नाही. जगभरच्या ध्वनिसंग्राहकांनी युनेस्कोच्या साथीने २०१९ मध्ये इशारा दिला होता की २०२५ च्या सुमारास चुंबकी टेपवरचं जे डिजिटल झालं नसेल ते वाचवणं जवळजवळ अशक्य होईल. टेप सगळ्या एका दिवशी मरणार म्हणून हा इशारा नव्हता. चांगली यंत्रं, त्यांचे सुटे भाग आणि ती हाताळणारी माणसं संपत चालली आहेत. ते साल आता आलं आणि गेलं.

आवाजासोबत एक कागद लागतो, आणि तो नसेल तर बाकी सगळं अर्धवट राहतं. कोण गातं आहे, कोणत्या गावची, माहेर कुठलं, कोणत्या साली, कोणाच्या घरात, कोणी भरलं. राईरकर-पॉइटविन यांच्या संग्रहाची खरी किंमत इथे आहे. प्रत्येक ओवीमागे गाणारीचं नाव आणि गाव आहे, म्हणून वीस वर्षांनी तिच्या दारात जाता आलं. ‘माय’ हा शब्द त्या घराला पुरेसा होता, पण पन्नास वर्षांनी कोणा अनोळखी माणसाच्या हाती ती कॅसेट पडली तर तो शब्द त्याला काय सांगणार? आम्ही बसून माहिती लिहून काढली. साल कोणाला आठवेना. मग आत्याबाईंनी मागचा आवाज नीट ऐकला आणि म्हणाल्या, “हे लहान लेकरू रडतंय ना, ते हेच.” पुतण्याकडे बोट होतं. साल सापडलं. साफ केलेल्या फाइलमध्ये ते रडणंही गेलेलं होतं.

तेव्हा वाचकहो, दिवाळीच्या साफसफाईत जुन्या कॅसेटींचं खोकं निघालं तर ते भंगारवाल्याच्या काट्यावर चढवू नका. टॅब मोडा. कडक उन्हापासून आणि स्पीकरच्या लोहचुंबकापासून लांब ठेवा. घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाला शेजारी बसवून एकदा ऐका आणि जे जे आठवेल ते वहीत लिहा. उतरवून द्यायला कुणाकडे गेलात तर बजावून सांगा, आधी आहे तसं द्या, साफसफाई नंतर. आणि मूळ कॅसेट परत मागून घ्या.